बडी माँने माफी मागितली, तो भाग

आमचे व्याही रिटायर्ड इंजिनिअर आहेत. माणूस अगदी भला, पण दुसऱ्याच्या कामात सुधारणा सुचवल्याशिवाय त्यांना अन्न पचत नाही. मागच्या दिवाळीला फराळाला आले आणि चकली मोडता मोडता मला म्हणाले, "सुमनताई, तुमच्या हातात लेखणी आहे, भाषा आहे. मग जन्मभर सासू-सून, जावा-जावा, नणंद-भावजय हेच काय लिहीत बसलात? काहीतरी गंभीर का नाही लिहिलंत?"

व्याह्यांशी तोंड सांभाळून बोलावं हे माझ्या आईने मला शिकवलं होतं. पण आईने शिकवलेलं सगळंच काही टिकत नाही. मी म्हटलं, "भाऊसाहेब, तुमच्या मोठ्या भावाकडे तुम्ही शेवटचे कधी गेला होतात?"

त्यांचं भावाशी पटत नाही एवढंच मला सुनेकडून ठाऊक होतं. झालं! चकली हातातच राहिली. आईच्या वर्षश्राद्धाला भावाने सगळ्या आल्यागेल्यांना पहिल्या पंगतीला बसवलं आणि सख्ख्या भावाला म्हणाला, "तू काय घरचाच, तू मागून बस." भाऊसाहेबांना ते लागलं. ते न जेवता उठून आले. भावाला वाटलं, ह्याला आईच्या श्राद्धाचं जेवणसुद्धा जड झालं. तेव्हापासून बोलणं बंद. हे सांगायला त्यांना एक तास लागला, चहा दोनदा गरम करावा लागला, आणि जाताना दारात चप्पल घालताना म्हणाले, "हे तुमच्या सीरियलमध्ये घालू नका हं."

"नाही घालत," मी म्हटलं, "पण गंभीर आहे की नाही?"

ह्यावर ते दुसरी चप्पल घालून निघाले. पण त्या दिवसापासून सुधारणा सुचवत नाहीत, एवढं खरं.

तर मी हेच काम केलं. इंदूरच्या एका रेडिओ स्टेशनसाठी रोजची कौटुंबिक मालिका लिहिली. दुपारी दीड वाजता, घराघरात जेवणं आटोपून ओटा पुसायची वेळ असते तेव्हा, ती लागायची. नाव होतं 'रसोई के उस पार'. भाषा हिंदी, मधूनमधून माळवी. लिहिणारी मात्र तिथल्याच रामबाग मोहल्ल्यातली मराठी बाई. आमचे पणजोबा संस्थानच्या कचेरीत कारकून होते, वडील मास्तर. घरात मराठी, पण "अरे यार" आणि "मतलब" शिवाय एक वाक्य पुरं होत नाही अशी. पुण्याचे पाहुणे आमची मराठी ऐकून दयेने बघतात. बघू देत. ह्याच कानांनी मला दोन्हीकडची भांडणं ऐकू आली आणि त्यावर माझं घर चाललं.

लोकांना वाटतं, घरगुती भांडण लिहायला काय अक्कल लागते? लिहून बघा म्हणावं! पहिली गोष्ट म्हणजे, भांडण ज्यावरून होतं त्यावरून ते कधीच नसतं. दोन जावा दह्याच्या भांड्यावरून भांडतात. धाकटी म्हणते, विरजण मीच का लावायचं रोज. खरं कारण हे की, तिच्या बाळंतपणात मोठी दवाखान्यात आली नव्हती. आता लिहिणारीचं काम काय, तर दह्याबद्दल भरपूर लिहायचं आणि बाळंतपणाबद्दल एक अक्षर काढायचं नाही. ऐकणाऱ्या बाईला ते आपोआप कळतं, आणि आपल्याला कळलं ह्याचा तिला भारी आनंद होतो.

दुसरी अडचण रेडिओची. घरातलं सगळ्यात मोठं शस्त्र म्हणजे अबोला, आणि तो रेडिओवर दाखवता येत नाही, ऐकवावा लागतो. नुसतं शांत ठेवलं तर लोकांना वाटतं स्टेशन बंद पडलं. म्हणून आम्ही स्टुडिओत खरी भांडी ठेवायचो. सून विचारते, "माँजी, दाल में पानी कितना डालूँ?" उत्तर नाही. मग कढईवर झारा ठक्क करून आपटायचा. बस. त्या एका ठक्कात सगळं आलं. झारा किती जोरात आपटायचा ह्यावर आमचे कधीकधी कडाक्याचे वाद व्हायचे.

आणि भागाच्या शेवटी लागायची 'खूँटी'. म्हणजे ऐकणाऱ्याला उद्या दीड वाजेपर्यंत टांगून ठेवायचं. दार वाजतं, कोण आलं ते सांगायचं नाही. ते मला हातचा मळ होतं. पण नुसत्या खूँटीवर मालिका चालत नाही, हे मला फार लवकर कळलं, आणि कळलं ते राजवाड्याजवळच्या बांगड्यांच्या दुकानात.

मालिकेच्या सुरुवातीच्या दिवसांत मी सासू रंगवली होती ती निव्वळ राक्षसीण. सुनेला उपाशी ठेवते, मुलाचे कान भरते, सगळं सगळं. मी नात्यातल्या एका लग्नाच्या घाईत बांगड्या भरायला गेले. दुकानातल्या काकीने हाताला साबण लावला, बांगडी अर्ध्यावर चढवली, आणि बोलता बोलता तिला कळलं की सीरियल लिहिणारी ती मीच. तिने माझा हात धरला तो सोडेचना.

"दीदी, ये बताओ, सास का भी तो कोई दिन खराब जाता होगा?"

"जाता होगा," मी म्हटलं. हात दुखत होता.

"मैं बहू थी तो सास का राज था. मैं सास बनी तो बहू का राज आ गया. मेरा नंबर कब आया? वो तुमने कभी लिखा?"

मी कबूल केलं की नाही लिहिलं. मग तिने बांगडी सरकवली. मी घरी येऊन तडक सासूला एक वाईट दिवस दिला: सकाळपासून तिचा गुडघा दुखतोय आणि घरात कुणी विचारलं नाही. तो भाग लागल्यावर श्रोत्यांचे इतके निरोप आले की आमचे कार्यक्रम-प्रमुख सक्सेनाजी खुर्चीतून उठून माझ्या टेबलापर्यंत चालत आले, जे ते कधीच करत नसत. तेव्हापासून मी एक गोष्ट पक्की धरली. भांडणात दोघींचंही खरं असलं पाहिजे. एक खोटी असली की ऐकणारी बाई न्याय करून मोकळी होते आणि भांडी घासायला जाते. दोघी खऱ्या असल्या की ती दिवसभर स्वतःशी भांडत राहते.

ह्याच हट्टातून बडी माँ आणि सुधाची गोष्ट आली. बडी माँ म्हणजे आमच्या मालिकेतली घरची मोठी. तिच्या मुलाने आपल्या बायकोला घराबाहेर काढलं, तेव्हा लग्न झालेली लेक सुधा चार लोकांसमोर भावजयीच्या बाजूने उभी राहिली आणि भावाचे धंदे सांगून टाकले. बडी माँने लेकीशी बोलणं टाकलं. तिचं म्हणणं, घरातलं घरात बोलायचं होतं. सुधाचं म्हणणं, घरात बोलून बोलून माझी जीभ झिजली. सांगा, कोण चुकलं? मला आजही सांगता येणार नाही. लोकांनी ते इतकं उचलून धरलं की बडी माँचं काम करणाऱ्या सरोजदीदींना भाजीबाजारात बायका अडवून विचारायच्या, "बेटी से कब बोलोगी?" सरोजदीदी म्हणजे बँकेतून निवृत्त झालेली माळवी बाई. त्या भाजी निवडत शांतपणे म्हणायच्या, "मन नी मान रियो." म्हणजे, मन मानत नाही.

अशात, एका थंडीच्या दुपारी, स्टेशनवर एक म्हातारे गृहस्थ आले. डोक्याला मफलर, हातात ओल्या लसणाच्या जुड्या. गेटवरच्या माणसाने विचारलं तर म्हणाले, "बडी माँला जी बाई लिहिते तिला भेटायचंय." मला वाटलं, आता हे गृहस्थ एखादी कविता वाचून दाखवणार. पण त्यांनी लसूण टेबलावर ठेवला आणि विचारलं, "मराठी ना तुम्ही? बरं झालं. मी विठ्ठलराव जाधव. देपालपुरहून आलोय. आमचे लोक संस्थानच्या फौजेत होते, तेव्हापासून तिकडेच आहोत. थोडी शेती आहे. पाच मिनिटं बोलू का?"

"बसा काका," मी म्हटलं.

ते बसले, आणि त्यांनी जे सांगितलं ते ऐकताना मी हातातलं पेन खाली ठेवलं. त्यांना एक मुलगा, एक मुलगी. मुलगा प्यायचा. घरच्यांनी ते झाकून त्याचं लग्न ठरवलं. लग्न झालं की सुधारेल, ही आपल्याकडची ठरलेली आशा. मुलगी वर्षा, लग्न होऊन इंदूरला खजरान्याजवळ राहायची. साखरपुड्याच्या आदल्या दिवशी ती नवरीच्या आईला बाजूला घेऊन म्हणाली, "मावशी, माझा भाऊ दारू पितो. तुम्ही बघून घ्या." लग्न मोडलं. मुलगा घर सोडून सुरतला गेला. आणि काकींनी, म्हणजे वर्षाच्या आईने, लेकीला सांगितलं, "आजपासून तुझं माहेर संपलं." त्याला आता कैक वर्षं झाली होती.

"म्हणजे अगदी तुमची बडी माँ," काका म्हणाले. "हिला पहिल्या दिवशी वाटलं, गावातलं कुणीतरी जाऊन तुम्हाला सांगून आलं."

"नाही हो काका, शपथ!"

"माहीत आहे मला. मी तिला म्हटलं, ही गोष्ट घरोघरची आहे. तर म्हणते, मग घरोघरच्या आयांना कुणी विचारायला का येत नाही? आणि रोज ऐकते. दीड वाजता घरात कुणी ब्र काढायचा नाही." त्यांनी लसणाच्या जुड्या सारख्या केल्या. "दर बुधवारी मी खजरान्याच्या गणपतीला येतो. वर्षा देवळाच्या बाहेर भेटते. हिला माहीत आहे, पण आम्ही दोघंही बोलत नाही. वर्षा पहिला प्रश्न काय विचारते? 'बाबा, कालचा भाग आईने ऐकला का? काय म्हणाली?' मी घरी गेलो की ही भाजी चिरता चिरता विचारते, 'इंदूरला लोक ऐकतात का हे?' लोक म्हणजे कोण, ते मला कळतं."

मी हसले. काका हसले नाहीत.

काकींच्या हृदयाची झडप खराब झाली होती. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, ऑपरेशन करा आणि उशीर करू नका. ते इंदूरलाच होणार, आणि नंतर बरेच दिवस दवाखान्याच्या जवळ राहावं लागणार. वर्षाचं घर तिथून हाकेच्या अंतरावर. "ही म्हणते, तिच्या दारात जाण्यापेक्षा मी इथेच मरेन. बरं, म्हटलं, खोली भाड्याने घेतो. तर म्हणते, अजिबात नाही! पोटची पोर गावात असताना आई भाड्याच्या खोलीत राहिली, लोक पोरीच्या तोंडात शेण घालतील. म्हणजे तिच्याकडे जायचं नाही, आणि तिची बदनामीही करायची नाही. मग काय करायचं? घरात बसायचं आणि दम लागला की भिंतीला टेकायचं." त्यांनी मफलर काढून मांडीवर ठेवला. "मॅडम, तुमच्या बडी माँला एकदा मुलीच्या घरी पाठवा. एकदाच. तिने केलं तर हिला वाट सापडेल."

"काका, ही सीरियल आहे. औषधाची गोळी नाही."

"माझं ती ऐकत नाही. तिच्या बहिणीचं ऐकत नाही. डॉक्टरचं ऐकत नाही. तुमचं ऐकते. रोज."

मी त्यांना चहा पाजला, वचन दिलं नाही, फोन नंबर तेवढा घेतला आणि बसपर्यंत सोडून आले. आणि परत येताना माझं ठरलं. मी एकदा ठरवलं की मग माझ्या नवऱ्याने माझ्याशी वाद घालणं कधीच सोडून दिलंय. सक्सेनाजींना मात्र ती सवय लागली नव्हती.

"मैडमजी, समेट?" ते उडालेच. "समेट हो गया तो कल डेढ बजे रेडियो कौन लगाएगा? झगडा ही तो अपनी दुकान है."

"दुकान एक दिन बंद रख लो."

"मसालेवालों को क्या बोलूँ, जिनका विज्ञापन आता है?"

"बोलो कि आज मीठा बना है."

"आप तो लडने पर उतर आईं, यार!"

"उतर आई. यही भाग जाएगा, नहीं तो लिखनेवाली दूसरी ढूँढ लो."

मी असं त्याआधी कधी म्हटलं नव्हतं. सक्सेनाजी माणूस वाईट नव्हे. त्यांचं म्हणणंही खरंच होतं. समेट झाला की गोष्ट मरते, हे मीच नव्या लोकांना शिकवायची. ते बराच वेळ पंख्याकडे बघत बसले, थंडीत बंद असलेल्या पंख्याकडे, आणि म्हणाले, "ठीक है. पर गिरा तो उठाओगी भी आप ही."

"उठाऊँगी," मी म्हटलं.

खरा विरोध झाला तो सरोजदीदींचा. त्यांनी पानं वाचली, चष्मा काढला आणि म्हणाल्या, "मैडम, या माँ असी नी बोले."

"दीदी, इस बार बोलेगी."

"माफी माँगेगी? बेटी से? दरवाजे पर खडी होके?"

"हाँ."

त्यांनी मान हलवली. पण कलाकार पक्का. माइकसमोर उभ्या राहिल्या आणि जीव ओतून बोलल्या. रेकॉर्डिंग संपल्यावर कागद माझ्या हातात देत म्हणाल्या, "करी तो दियो. पण या म्हारी बडी माँ नी थी." मी ऐकून घेतलं नाही. माझ्या डोळ्यांपुढे देपालपुरची एक बाई होती, भिंतीला टेकून दम खाणारी. मला तिला उठवायचं होतं, आणि त्यासाठी मी हातात मिळेल ते सगळं वापरलं. मागे सारंगी. दारात बडी माँ. "मुझे माफ कर दे बेटी, मैं ममता में अंधी हो गई थी." सुधा रडते. नातू रडतो. शेजारीणही रडते. झारा नाही, ठक्क नाही, काही नाही. आज तो भाग आठवला की माझे कान गरम होतात.

भाग लागला आणि श्रोत्यांसाठी ठेवलेल्या फोनवर जी गर्दी उसळली! एकीने विचारलं, "बडी माँ की तबीयत तो ठीक है ना?" दुसरीने सांगितलं की हे नक्की सुधाला पडलेलं स्वप्न आहे, उद्या जाग येईल. कापड बाजारातले एक शेठ म्हणाले, "मैं तो सुनता नहीं, घर में चलता रहता है, पर कल का बिल्कुल गलत हुआ." सक्सेनाजींनी हे निरोप मला एक-एक करून ऐकवले, आणि दर निरोपानंतर माझ्याकडे नुसतं बघितलं. मला निरोपांची पर्वा नव्हती. मला एकच आवाज हवा होता, आणि जाधवकाका फोन उचलत नव्हते.

एक दिवस गेला, दुसरा गेला. रिंग वाजायची, कुणी उचलायचं नाही. मला झोप लागेना. आजारी बाई, हृदय कमजोर, आणि मी तिच्यावर सारंगी सोडली! तिला काही झालं असेल तर? देपालपुरला जावं तर पत्ता नाही. मी स्वतःला सतरा शिव्या घातल्या आणि तरीही रोज टेबलाशी बसून पुढचे भाग लिहिले, कारण पडलेली मालिका उठवायचं वचन मी सक्सेनाजींना दिलं होतं. बडी माँ लेकीच्या घरी राहायला लागली आणि दुसऱ्याच दिवशी तिला तिथला चहा फिका लागला. तिथून मालिका पुन्हा पायावर उभी राहिली. पण मला त्यात काही आनंद नव्हता.

मग बुधवार आला, आणि काका आले. मफलर तोच, लसूण जास्त. मी धावतच गेटपर्यंत गेले.

"काकी कशा आहेत?"

"चिडली आहे," काका म्हणाले, आणि असे हसायला लागले की त्यांना गेटला धरावं लागलं.

आत बसवून पाणी दिलं, तेव्हा कुठे त्यांना बोलता आलं. भाग लागला तेव्हा काकी पाटावर बसून ऐकत होत्या. बडी माँने "माफ कर दे" म्हटलं आणि काकी ओरडल्या, "हट! खोटारडी!" उठून रेडिओ बंद केला. घरभर फिरल्या. "कोण आई असं बोलते? डोकं फिरलंय ह्या लिहिणारीचं. आई कधी लेकीच्या दारात उभी राहून रडते होय?" काकांना वाटलं, संपलं; आपणच मॅडमकडे जाऊन सगळं बिघडवलं. काकी बडबडत राहिल्या. पण एवढा संताप एकट्या नवऱ्यासमोर किती वेळ काढणार? नवऱ्याला सीरियलमधलं काही कळत नाही. शेवटी त्या त्यांच्यासमोर उभ्या राहून म्हणाल्या, "तिने ऐकलं असेल ना?"

"कुणी?" काकांनी विचारलं.

"फालतू प्रश्न नका विचारू. फोन लावा."

काकांनी नंबर लावला. पलीकडून वर्षा घाबरून म्हणाली, "बाबा? काय झालं?" काकींनी फोन हिसकावून घेतला. इतक्या वर्षांनंतर आईचं लेकीशी पहिलं वाक्य काय असावं? मी लिहिलं असतं तर पान भरलं असतं.

काकी म्हणाल्या, "ऐकलंस का ते भंकस?"

मग वर्षा म्हणाली, "ऐकलं ना, आई! मी तर जागेवरून उठले. बडी माँ असं बोलेल का कधी?"

"तेच तर म्हणते मी! आणि ती सुधा, काय ते रडणं!"

"आणि शेजारीण कशाला रडत होती गं?"

"विचार त्या लिहिणारीला!"

काका म्हणाले, "मॅडम, तुम्हाला दोघींनी मिळून इतक्या शिव्या घातल्या, इतक्या शिव्या घातल्या, मी बाजूला बसून ऐकत होतो आणि माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. बाहेर अंधार पडला तरी चालूच. फोन गरम झाला. शेवटी वर्षाने विचारलं, 'आई, दम लागतोय का तुला बोलताना?' तर ही म्हणते, 'थोडा लागतो.' बस, एवढंच. मग तेव्हापासून दोघी रोज तासन् तास फोनवर असतात, त्यात तुमचा फोन कोण उचलणार!"

मी काय केलं? मी टेबलावर डोकं टेकून रडले, अगदी माझ्या त्या सुधासारखी. काका घाबरून लसूण बाजूला सरकवत बसले.

ऑपरेशन झालं आणि नीट झालं. काही दिवसांनी काकांचा निरोप आला, जेवायला या. मी खजरान्याला वर्षाच्या घरी गेले. काकी दिवाणावर उशांना टेकून बसल्या होत्या. लहानखुरी बाई, नजर मात्र माझ्या आरपार. काकांनी ओळख करून दिली तशी त्या म्हणाल्या, "तो भाग तुम्ही लिहिलात? हात नाही दुखले?"

"कान दुखले," मी म्हटलं. "काकी, मग बडी माँने काय बोलायला हवं होतं, ते तरी सांगा."

"काहीच नाही," काकी म्हणाल्या. "जायचं, आणि बसायचं. बोलायचं कशाला?"

"आणि सुधाने?"

"सुधाने ताट वाढायचं," स्वयंपाकघरातून वर्षा म्हणाली.

काकींनी वर्षाला माफ केलं होतं का? नाही. वर्षाने चूक मानली होती का? तीही नाही. काकी माझ्याच समोर म्हणाल्या, "हिने घर मोडलं," आणि वर्षा पोळी भाजता भाजता म्हणाली, "मी एका मुलीला वाचवलं." दोघींचंही खरं होतं, आणि दोघी एका छपराखाली होत्या. सक्सेनाजी म्हणतात, झगडा हेच आपलं दुकान. असेल. पण मी जन्मभर जे लिहिलं ते लोकांनी ऐकलं, कारण आपल्या घराबद्दल बोलायला जीभ उचलत नाही, आणि परक्या घराबद्दल ती थांबत नाही. लोकांना बोलायला एक परकं घर हवं होतं, ते मी रोज दीड वाजता दिलं. गंभीर नसेल ते. मला त्याची लाज नाही, आणि पुन्हा जन्म मिळाला तर हेच लिहीन. फक्त सारंगी घेणार नाही.

वर्षाने ताटं वाढली. काकींनी वरणभाताचा पहिला घास घेतला आणि तोंड वाकडं केलं. "मीठ नाही ह्यात."

डॉक्टरांनी मीठ बंद केलं होतं, ते घरात सगळ्यांना माहीत होतं. मला वाटलं, आता झारा आपटणार. पण वर्षा उठली, लिंबाची फोड घेऊन आली, आईच्या भातावर दोन बोटांनी पिळली आणि बी तेवढं काढून टाकलं.

काकींनी दुसरा घास घेतला. आम्ही सगळे बघत होतो.

"आंबट केलंस," त्या म्हणाल्या, आणि ताट तिच्यापुढे सरकवलं. "वाढ अजून."